एकास पन्नास

बस सात वाजता सुटणार होती, म्हणून पट्टीसाहेब पावणेपाचपासूनच पायांत बूट घालून तयार होते. बुटांचे तळवे घसरतात की काय हे पाहण्यासाठी त्यांनी न्हाणीघराची फरशी ओली करून तिच्यावर तीन फेऱ्या मारल्या होत्या आणि निष्कर्ष वहीत लिहून ठेवला होता. खांद्याच्या पिशवीत पोलादी टेप, ओळंबा, भिंग, दोन पेन्सिली आणि पाण्याची बाटली होती. बाटली सर्वांत शेवटी भरली होती, कारण ती विसरली असती तरी चालण्यासारखे होते.

"बाबा, आपण सहलीला चाललोय, मोजणीला नाही," लेक म्हणाली. ती दातांची डॉक्टर होती आणि या सहलीची तिकिटे तिनेच काढली होती. "हे भिंग कशाला?"

"सांध्यातली भेग नुसत्या डोळ्यांना दिसत नाही."

"आणि समजा दिसली, तर आपण काय करायचं? दरीवर लटकत लटकत तिचं कौतुक करायचं?"

"दिसणार नाही," पट्टीसाहेब शांतपणे म्हणाले. "नकाशा माझा आहे."

या वाक्यावर घरात कोणी वाद घालत नसे. एक्केचाळीस वर्षांपूर्वी एका खोल घळीच्या कड्यावरून पाण्याची मोठी वाहिनी नेण्यात आली होती आणि तिची देखभाल करणाऱ्यांसाठी कड्याला ब्रॅकेट ठोकून सहाशे चाळीस मीटर लांबीची एक टांगती वाट तयार करण्यात आली होती. त्या वाटेचे तेरा नकाशे पट्टीसाहेबांनी काढले होते. ते खात्याच्या आरेखन शाखेत आरेखक होते. सारी नोकरी उंच टेबलापाशी उभे राहून गेली. पूल, टाक्या, जिने, सगळे त्यांनी कागदावर उभे केले, पण बांधलेले एकही पाहिले नाही. निरोपसमारंभात त्यांनी एकच वाक्य उच्चारले होते : "माझ्या हातून एक रेघ चुकलेली नाही." कार्यालयात कोणीतरी प्रेमाने ठेवलेले 'पट्टीसाहेब' हे नाव त्यांना पदवीसारखे वाटे.

आता वाहिनी बंद पडली होती, वाट पर्यटकांसाठी खुली झाली होती, आणि आपली रेघ प्रत्यक्षात कशी उतरली आहे हे पट्टीसाहेब आज पहिल्यांदा पाहणार होते. गेले आठ दिवस त्यांना धड जेवण गेले नव्हते.

माईंचे मात्र काहीतरी बिनसले होते. माई म्हणजे त्यांच्या पत्नी. त्याही त्याच शाखेतून निवृत्त झालेल्या. "तुम्ही दोघं जाऊन या, मी घरी थांबते," असे त्या आठवड्यात चार वेळा म्हणाल्या होत्या. उंचीची भीती वाटत असेल, असे समजून बापलेकींनी त्यांना चारही वेळा धीर दिला होता.

घळीच्या तोंडाशी बस थांबली तेव्हा अठरा सहलकरी उतरले. गळ्यात शिट्टी अडकवलेली एक चपळ तरुणी त्यांची वाट पाहत होती. तिने सर्वांना हेल्मेट वाटली आणि एका दमात नियम सांगितले.

"एकामागोमाग एक चालायचं. धक्काबुक्की नाही. मी शिट्टी वाजवली की जिथे असाल तिथे थांबायचं, पाय उचललेला असेल तर तो खाली ठेवून थांबायचं. काही शंका?"

पट्टीसाहेबांचा हात वर गेला. "एका चौरस मीटरवर भार किती धरलाय?"

"काका, एका वेळी वीस माणसं सोडतो आम्ही."

"वीस कशी? हडकुळी की भरलेली?"

सगळ्यांच्या नजरा नकळत औषधांच्या दुकानाच्या एका मालकांकडे वळल्या. ते एकटेच दोन माणसांची जागा व्यापून उभे होते. "माझ्याकडे काय बघताय?" औषधवाले म्हणाले. "मी तिकीट एकच काढलंय."

वाटेवर पहिले पाऊल ठेवताच पट्टीसाहेबांचा चेहरा असा उजळला की लेकीने फोटो काढायचा सोडून नुसतेच पाहिले. एका हाताला उभा काळा कडा, दुसऱ्या हाताला कठडा, आणि खूप खाली पांढरी फेसाळ नदी. तिचा घुमणारा आवाज पायांखालच्या जाळीतून वर येत होता. बाकीचे खाली पाहून ओरडत होते. पट्टीसाहेब मात्र कड्याकडे पाहत होते.

"हा बघ, सव्विसावा! दोन मीटरवर ब्रॅकेट, बरोबर दोन मीटरवर!" त्यांनी टेप सोडून वाटेची रुंदी मोजली. "बाराशे मिलिमीटर. तिरपा आधार पंचेचाळीस अंशांत. अगं माई, हात लाव याला! हा मी फेब्रुवारीत काढला होता, उजव्या खांद्यात कळ येत होती तेव्हा."

"लावला हो हात," माई म्हणाल्या आणि घाईने पुढे पाहू लागल्या.

"बाबा, तुम्ही लग्नाच्या वाढदिवसालासुद्धा इतके खूश नव्हता," लेक म्हणाली.

"त्याला तपासण्यासारखं काही नव्हतं."

शंभरावा ब्रॅकेट गेला, दीडशेवा गेला. एकही माप चुकले नव्हते. पट्टीसाहेबांची चाल आता वऱ्हाडातल्या मुलाच्या बापासारखी झाली होती. ते अनोळखी लोकांना थांबवून नटबोल्टांची ओळख करून देत होते, आणि गंमत म्हणजे लोकही उत्साहाने ऐकत होते. मग कड्याला वळण आले, आणि पुढचे सगळे एकदम "आहाहा!" करून थांबले.

वाटेच्या कडेने एक गोल सज्जा दरीवर झेपावला होता. त्याचा अर्ध्याहून अधिक भाग अधांतरी होता. कठडा गोल फिरत गेला होता, पण नेमका दरीकडच्या बाजूला तो वीतभर तुटलेला होता आणि त्या फटीत साखळी लावली होती. लोक त्या फटीत चेहरा घालून फोटो काढून घेत होते.

"ही आपल्या वाटेची सगळ्यात लोकप्रिय जागा," शिट्टीवाली म्हणाली. "सगळी वाट सरळ, आणि इथेच हा गोल. का, ते आजवर कोणालाच कळलं नाही. आम्ही लोकांना सांगतो की, ज्यानं ही वाट आखली तो तेव्हा प्रेमात पडला होता."

"साफ खोटं!" पट्टीसाहेब कडाडले. "मी आखली! आणि मी हे काढलेलं नाही. नंतर कोणीतरी घुसडलंय हे."

"नाही काका. सगळं एकाच वेळी झालंय. लोखंडावर सालसुद्धा तेच आहे."

पट्टीसाहेब गुडघ्यांवर बसले. भिंगातून त्यांनी सांधे पाहिले. काम एकाच हाताचे होते. त्यांनी सज्ज्याचा व्यास मोजला : बरोबर तीन मीटर. ब्रॅकेट एकशे त्रेसष्टावा, म्हणजे सातवा नकाशा. प्रमाण एकास पन्नास. तीन मीटरला पन्नासाने भागले, तर कागदावर साठ मिलिमीटर. फट वीस सेंटीमीटर, म्हणजे कागदावर चार मिलिमीटर. साठ मिलिमीटर व्यासाचे आणि एका जागी चार मिलिमीटर तुटलेले वर्तुळ. कंपासने काढलेले वर्तुळ तुटत नाही. मग तुटते ते कुठले?

त्यांच्या डोळ्यांसमोर आरेखन शाखेतला जाड कानाचा पांढरा कप उभा राहिला. त्याच्या बुडाला एके ठिकाणी टवका उडाला होता.

"अरे देवा," ते म्हणाले. पण नदीच्या आवाजावर मात करण्याची सवय गेल्या अर्ध्या तासात लागली असल्याने पुढचे वाक्य घळभर घुमले : "हा सज्जा चुकून झालाय!"

सज्ज्यावर त्या वेळी सात माणसे होती. सातही जागच्या जागी थिजली. औषधवाले तर फटीत चेहरा घालून हसत होते. त्यांनी चेहरा बाहेर काढला, हसू तिथेच राहिले, आणि ते सावकाश खाली बसले.

"चुकून म्हणजे काय? कोण म्हणालं चुकून?"

"घाबरू नका," पट्टीसाहेब म्हणाले. "हा इथे असायलाच नको होता, एवढंच. पण एक्केचाळीस वर्षं पडलेला नाही."

"म्हणजे पडायचा होता की काय?"

"तसं नाही. याच्यासाठी मी भार धरलेलाच नाही, कारण मी हा काढलेलाच नाही."

हे वाक्य पूर्णपणे खरे होते आणि त्यामुळेच त्याने कहर केला. कोणीतरी देवाचे नाव घेतले, कोणीतरी मोबाइल काढून घरी फोन लावला. शिट्टीवालीने शिट्टी फुंकली. नियमाप्रमाणे सगळे असतील तिथे थांबले, म्हणजे जे सहा जण जीव मुठीत धरून सज्ज्यावरून उतरू पाहत होते तेही तिथेच थांबले.

"अहो बाई, त्यांना तरी सोडा!" औषधवाल्यांची बायको वाटेवरून ओरडली. "निदान यांना!"

"एकेक जण सावकाश या," शिट्टीवाली म्हणाली. तिचाही आवाज आता पातळ झाला होता. सहा जण मांजराच्या पावलांनी वाटेवर आले. औषधवाले हलेनात.

"मी उठलो तर भार एका पायावर येईल," ते म्हणाले. "बसल्यावर पसरून जातो. काका, बरोबर ना?"

"तत्त्वतः बरोबर," पट्टीसाहेबांनी मान्य केले.

"बाबा, तुम्ही एक शब्द बोलू नका!" लेक दात आवळून म्हणाली.

शिट्टीवालीने वायरलेसवरून फाटकावर कळवले. "इथे एक काका म्हणतायत, सज्जा चुकीचा आहे... नाही, प्यायलेले नाहीत... नकाशा त्यांचाच म्हणतात... हो, टेप आहे त्यांच्याकडे." मग पट्टीसाहेबांकडे वळून ती म्हणाली, "काका, दोषाची तक्रार झाली की अभियंता येईपर्यंत तक्रार करणाऱ्यानं जागा सोडायची नाही, असा नियम आहे. आणि खरंच दोष निघाला तर सज्जा कायमचा बंद होईल. लोक त्याच्यासाठीच येतात हो. आमची वीस जणांची नोकरी या गोलावर आहे."

पट्टीसाहेबांच्या आयुष्यातली पहिली चूक समोर तीन मीटर रुंद होऊन उभी होती आणि तिच्यावर एक माणूस मांडी घालून बसला होता. ती लपवावी तर खोटेपणा, कबूल करावी तर वीस जणांच्या पोटावर पाय. ते माईंकडे वळले. "तरी मी सांगत होतो सगळ्यांना, टेबलावर चहा आणू नका म्हणून. कोणाचा कप होता, कोणास ठाऊक. आणि तो डागसुद्धा ट्रेस करणारा कोण महाभाग होता!"

माई नदीकडे पाहत होत्या.

वीस मिनिटांनी एक तरुण अभियंता धापा टाकत आला. त्याच्या काखेत जाडजूड फाइल होती. त्याने आल्या आल्या सज्ज्यावर दोन उड्या मारल्या. औषधवाल्यांनी डोळे मिटून घेतले.

"ही संपूर्ण वाटेतली सगळ्यात भक्कम जागा आहे," तो म्हणाला. "त्या वेळच्या साइटवरच्या लोकांनी या गोलाखाली दुप्पट ब्रॅकेट दिलेत. दर वर्षी तपासणी होते. उठा काका."

"आता सांगताय होय! पायाला मुंग्या आल्यात," औषधवाले म्हणाले. "थोडं बसतो."

लोकांनी सुस्कारे सोडले, टाळ्याही वाजल्या. पण पट्टीसाहेबांचे समाधान झाले नव्हते. "भक्कम असेल. पण चूक आहे. नकाशा दाखवा."

अभियंत्याने सातव्या नकाशाची जुनी निळसर प्रत उलगडली. सगळ्यांनी माना पुढे घातल्या. वाटेची सरळ रेघ, आणि तिला टेकून ते वर्तुळ, टवक्याच्या जागी नेमके तुटलेले. मात्र त्याला मध्यबिंदू होता, मध्यरेषा होत्या आणि बाण काढून व्यासाचे मापही लिहिले होते.

"डागाला कोणी माप देतं का?" अभियंता म्हणाला. "आणि हे पत्रही फाइलला आहे. साइटवरून विचारलं होतं, 'गोल सज्ज्याचे प्रयोजन कळवावे.' त्याला तुमच्या शाखेचं उत्तर एका ओळीचं : 'नकाशाप्रमाणे करावे.' खाली ही सही."

सही पट्टीसाहेबांची होती. साइटवरून येणाऱ्या प्रत्येक पत्राला ते हेच उत्तर देत. पत्र वाचायची त्यांना कधी गरज वाटली नव्हती, कारण नकाशा त्यांचा असे.

त्यांनी भिंग काढले आणि नकाशाच्या कोपऱ्यातली चौकट पाहिली. आरेखक : त्यांची आद्याक्षरे. तपासले : त्यांची आद्याक्षरे. अनुरेखक, म्हणजे पेन्सिलीचा नकाशा शाईने उतरवून घेणारी व्यक्ती : तिथे तीन नाजूक अक्षरे होती. ती माईंच्या माहेरच्या नावाची होती.

भिंग खाली आले. "माई?"

"अहो, पण मापाशिवाय वर्तुळ सोडणं मला बरं वाटेना," माई म्हणाल्या.

"तुला कळत नव्हतं तो चहाचा डाग आहे म्हणून?"

"न कळायला काय झालं? कप तुमचाच होता."

"माझा? मी टेबलावर कप ठेवतो?"

"त्या दिवशी ठेवलात. मी पेन्सिल मागायला आले होते. तुम्ही माझ्याशी बोलत होता आणि कप कुठे टेकवताय, तिकडे तुमचं लक्ष नव्हतं. दुसऱ्या दिवशी नकाशा माझ्याकडे शाईला आला. म्हटलं, गंमत करून बघावी. हा माणूस म्हणे एक रेघ चुकू देत नाही. डाग ट्रेस केला, फटीसकट, आणि तपासायला तुमच्यासमोर ठेवला. दहा मिनिटं समोर उभी होते मी."

"मग?"

"मग काय! दहाही मिनिटं तुम्ही नकाशाकडे बघितलंच नाहीत. आणि सही केलीत."

शिट्टीवालीने "अय्या!" म्हणून तोंडावर हात ठेवला. लेकीने आधी आईकडे, मग बापाकडे, मग सज्ज्याकडे पाहिले. "म्हणजे या गाइड लोकांना सांगतात ते..."

"तू गप्प बस," दोघेही एकदम म्हणाले.

"पण मग खोडलं का नाहीस?" पट्टीसाहेबांचा आवाज खाली आला होता.

"सकाळी येऊन ब्लेडनं खरवडणार होते. आले तर तुम्ही गुंडाळी आदल्याच संध्याकाळी रवाना केलेली. एक दिवस आधी! तुमचं काम कधी उशिरा झालंय? आणि त्याच आठवड्यात तुम्ही आमच्या घरी लग्नाचं विचारायला आलात. म्हटलं, जाऊ दे. साइटवर एवढी शिकलेली माणसं आहेत, विचारतील कोणीतरी."

"त्यांनी विचारलं होतं," अभियंता हळूच म्हणाला.

"घरी थांबते, घरी थांबते म्हणत होतीस, ते याच्यासाठी होय! आम्हाला वाटलं, तुला उंचीची भीती वाटते."

"उंचीची कसली आलीय भीती! तुमच्या टेपची."

अभियंत्याने घसा खाकरला आणि एक छापील अर्ज पुढे केला. "हे बघा, तक्रार झाली आहे, तेव्हा निकाल लिहावा लागेल. खरं सांगायचं तर बरंच झालं. या सज्ज्याचा 'प्रयोजन' रकाना एक्केचाळीस वर्षं कोरा आहे. प्रयोजन नसलेलं बांधकाम पाडून टाका, असं दर तपासणीत वरून लिहून येतं आणि मी दर वेळी वेळ मारून नेतो. मूळ आरेखक हयात आहेत आणि इथे हजर आहेत. तुम्ही काय लिहाल, ते प्रमाण."

शिट्टीवाली श्वास रोखून उभी होती. मागचे पर्यटक टाचा उंच करून पाहू लागले. पट्टीसाहेबांनी पेन्सिल काढली, ती परत ठेवली आणि पेन मागून घेतले. त्यांनी आजवर सरकारी कागदावर एकही खोटा शब्द लिहिलेला नव्हता. 'निसर्गदर्शन' असे लिहिणे सोपे होते. 'विश्रांती' असेही चालले असते. पण ती दोन्ही प्रयोजने त्या दिवशी त्या टेबलावर नव्हती.

"लिहा बाई काहीतरी," माई म्हणाल्या. "लोक खोळंबलेत."

पट्टीसाहेबांनी अतिशय सुवाच्य अक्षरात लिहिले : 'चहा.'

"नुसतं चहा?" अभियंत्याने विचारले.

"तेवढंच मी खात्रीनं सांगू शकतो."

अभियंत्याने ते दोनदा वाचले आणि त्याचा चेहरा फुलला. "उत्तम! चहापानाची जागा! मूळ आराखड्यातच तरतूद आहे म्हटल्यावर कोण पाडणार? उलट आता इथे चहाची टपरी टाकायलाही परवानगी मागता येईल." शिट्टीवालीने आनंदाने एवढ्या जोरात शिट्टी फुंकली की सगळे पर्यटक पुन्हा जागच्या जागी थांबले.

"टपरी होणार असेल तर मी बसूनच राहतो," औषधवाले सज्ज्यावरून म्हणाले. "माझा बिनसाखरेचा सांगा."

"आता इथे सही," अभियंत्याने बोट ठेवून दाखवले. "आरेखक म्हणून तुम्ही, अनुरेखक म्हणून काकू. आणि या चौकटीत 'तपासले' म्हणून पुन्हा तुम्ही."

माईंनी पदराने हात पुसले आणि एक्केचाळीस वर्षांनी त्या रकान्यात अक्षरे उमटवली. कड्यावरून वारा आला, हेल्मेटखालची त्यांची एक पांढरी बट सुटून गालावर आली, आणि ती मागे सारताना त्या अशा हसल्या की पट्टीसाहेबांचे पेन हवेतच राहिले. मग त्यांनी सही केली.

अभियंत्याने कागद उचलून पाहिला. "काका, गडबड झाली. तुम्ही 'तक्रारदाराचे वय' या रकान्यात सही केलीत. दुसरा अर्ज देतो, थांबा."

"नको," पट्टीसाहेब म्हणाले. "राहू द्या."